स्विंग, मतविभागणी आणि लाट : डेव्हिड बटलर यांचे निवडणूक-लेखन

एखादी संकल्पना एका भाषेतून आणि समाजातून दुसऱ्या भाषेत व समाजात जाते तेव्हा तिचे नेमके काय होते, हा प्रश्न तुलनात्मक साहित्याच्या अभ्यासकांना नवा नाही. एडवर्ड सैद यांच्या सिद्धान्तांच्या प्रवासाविषयीच्या निबंधानंतर कादंबरी, वास्तववाद, आधुनिकता या संकल्पनांच्या स्थलांतराची पुष्कळ चर्चा झाली आहे. साहित्याच्या कुंपणाबाहेर घडलेल्या संकल्पनांकडे मात्र या दृष्टीने क्वचितच पाहिले जाते. निवडणुकांच्या अभ्यासातील ‘स्विंग’ ही अशी एक संकल्पना होय. दोन पक्षांच्या ब्रिटनमध्ये ती घडली, १९८० च्या दशकात भारतातील निवडणुकांच्या विश्लेषणात ती रुजली आणि येथे येताच तिला एक जोड द्यावी लागली. ही जोड केवळ गणिताची सोय नव्हती. निवडणुकीच्या कथेतील कर्ता कोण, याविषयीची समजूतच तिच्यामुळे बदलली. या संकल्पनेला ठाशीव रूप देणारे आणि तिच्या भारतीय रूपांतरातही प्रत्यक्ष सहभागी असलेले ब्रिटिश राज्यशास्त्रज्ञ डेव्हिड बटलर (१९२४–२०२२) यांच्या जीवनकार्याचा विचार येथे प्रामुख्याने त्या अंगाने केला आहे.

डेव्हिड बटलर यांचा जन्म १७ ऑक्टोबर १९२४ रोजी लंडनमध्ये झाला. त्यांचे घराणे ग्रंथांचे होते. वडील हॅरॉल्ड एजवर्थ बटलर लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात लॅटिनचे प्राध्यापक होते. क्विन्टिलियनच्या वक्तृत्वशास्त्रावरील बृहद्ग्रंथाचे त्यांनी लोब ग्रंथमालेसाठी केलेले चार खंडांतील भाषांतर अनेक दशके अभ्यासकांच्या हाताशी राहिले. आईकडून ते इतिहासकार ए. एफ. पोलार्ड यांचे नातू. लंडनमधील इतिहास-संशोधन संस्था याच पोलार्ड यांच्या पुढाकाराने १९२१ मध्ये स्थापन झाली. वक्तृत्वाचा भाषांतरकार आणि पुराव्याचा कठोर इतिहासकार अशा दोघांच्या सावलीत वाढलेल्या मुलाने पुढे राजकीय प्रचाराचा अभ्यास आकड्यांच्या आधारे करावा, यात काही अंतःसूत्र शोधण्याचा मोह होतो. तो फार ताणण्याचे कारण नाही. सेंट पॉल्स शाळेनंतर ते १९४३ मध्ये ऑक्सफर्डच्या न्यू कॉलेजात दाखल झाले. मध्येच युद्धावर जावे लागले. रणगाडा-दलात अधिकारी म्हणून त्यांनी ऱ्हाइन नदी ओलांडण्याच्या मोहिमेत भाग घेतला आणि युद्ध संपल्यावर ते पुन्हा ऑक्सफर्डला परतले.

ऑक्सफर्डमध्ये त्या वेळी एक वेगळाच उपक्रम आकार घेत होता. पेम्ब्रोक कॉलेजातील इतिहासाचे अध्यापक आर. बी. मॅकॅलम यांना १९१८ च्या ब्रिटिश निवडणुकीने अस्वस्थ केले होते. पहिल्या महायुद्धानंतर लगेच झालेल्या त्या निवडणुकीविषयी दोन दशकांत एक पक्की आख्यायिका तयार झाली होती : सूडाने पेटलेल्या जनतेने जर्मन सम्राटाला फासावर लटकवण्याची मागणी केली, राजकारण्यांनी त्या मागणीपुढे मान तुकवली आणि त्यातून एक अन्यायकारक तह जन्माला आला. केन्स यांच्या तहाच्या आर्थिक परिणामांवरील १९१९ च्या गाजलेल्या पुस्तकाने या कथेला मोठेच बळ दिले होते. निवडणूक प्रत्यक्षात कशी लढवली गेली, उमेदवारांनी आपल्या पत्रकांतून काय सांगितले, कोणी कोणाला मत दिले, हे त्या वेळी कोणी व्यवस्थित नोंदवून ठेवलेच नव्हते. त्यामुळे आख्यायिकेला प्रत्युत्तर देण्याचे साधनही उरले नव्हते. १९४५ च्या निवडणुकीचे तसे होऊ नये, तिचा वृत्तान्त तिच्याच काळात, पुराव्यानिशी लिहिला जावा, या हेतूने मॅकॅलम यांनी ॲलिसन रीडमन यांच्यासह नफील्ड कॉलेजच्या आश्रयाने ‘द ब्रिटिश जनरल इलेक्शन ऑफ १९४५’ हा ग्रंथ सिद्ध केला. तो १९४७ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याचे सांख्यिकी परिशिष्ट लिहिले ते विद्यार्थीदशेतील बटलर यांनी. क्रिकेटच्या सरासऱ्यांत रमणाऱ्या या तरुणाला निवडणुकीचे निकाल टक्केवारीत मांडून पाहण्याची गोडी लागली होती. आज ही गोष्ट इतकी साधी वाटते की त्या काळी तिचे फारसे प्रघातच नव्हते, हे मुद्दाम सांगावे लागते.

निवडणुकांच्या या नव्या अभ्यासाला ‘सेफॉलॉजी’ हे नावही मॅकॅलम यांच्याच वर्तुळातून मिळाले. ग्रीक भाषेत ‘सेफॉस’ म्हणजे गोटा, खडा. अथेन्सचे नागरिक निवाडा देताना खडे टाकीत, त्यावरून हा शब्द. नाव अर्धे थट्टेने ठेवले गेले असले तरी ते टिकले आणि भारतीय वृत्तपत्रांत तर ब्रिटनपेक्षाही अधिक रुळले. शब्दांचा विचार निघालाच आहे तर इंग्रजीतील ‘व्होट’ लॅटिनमधील नवस वा संकल्प या अर्थाच्या शब्दापासून आला आहे आणि ‘बॅलट’ इटालियनमधील लहान चेंडूपासून. पाली विनयग्रंथांत भिक्षुसंघाचा कौल घेण्यासाठी शलाका वाटल्याचे उल्लेख आहेत. म्हणजे खडा, चेंडू, काडी अशा हाताने मोजता येणाऱ्या वस्तू एकीकडे आणि मनातला संकल्प दुसरीकडे. मराठीसह अनेक भारतीय भाषांनी स्वीकारलेला ‘मत’ हा शब्द दुसऱ्या बाजूचा आहे. त्यात विचार आणि मतपत्रिकेवरचा शिक्का यांत भेदच उरत नाही, आणि ‘मतदान’ म्हणताना तर त्या विचाराचे दान केले जाते. बटलर यांची सारी कारकीर्द या दोन बाजूंमधल्या अंतराशी निगडित आहे : मोजता येतो तो खडा, त्यावरून मनाविषयी किती बोलता येते?

पहिली प्रसिद्धी त्यांना अनपेक्षितपणे लाभली. १९५० च्या आरंभी ‘द इकॉनॉमिस्ट’ या साप्ताहिकात त्यांचा एक निनावी लेख आला. दोन पक्षांना मिळालेल्या मतांचे गुणोत्तर आणि त्यांना मिळणाऱ्या जागांचे गुणोत्तर यांत घनाचे नाते असते, असा एक नियम शतकाच्या पहिल्या दशकात जेम्स पार्कर स्मिथ यांनी निवडणूक पद्धतीविषयीच्या शाही आयोगापुढे मांडला होता. तो विस्मरणात गेलेला नियम बटलर यांनी पुन्हा उजेडात आणला. मते ५२ विरुद्ध ४८ अशी विभागली तर जागा साधारण ५६ विरुद्ध ४४ अशा विभागल्या जातात, असे या घननियमाचे स्थूल फलित. एकसदस्य मतदारसंघांची पद्धत लहानशा आघाडीचे मोठ्या बहुमतात रूपांतर कशी करते, हे त्यातून एका दृष्टिक्षेपात दिसे. लेखकाचा शोध घेऊन विरोधी पक्षनेते विन्स्टन चर्चिल यांनी त्याला आपल्या चार्टवेल येथील निवासस्थानी बोलावून घेतले. पंचविशीतला संशोधक आणि पंचाहत्तरीतला नेता यांची ती भेट कित्येक तास चालली. पुढे बटलर यांच्या कारकिर्दीचे जे एक वैशिष्ट्य बनले, ते येथेच दिसते : ज्यांच्याविषयी लिहायचे त्यांच्याशी प्रत्यक्ष बोलायचे, आणि ते बोलणे गुप्त राखण्याचा शब्द पाळायचा.

‘स्विंग’ हा शब्द बटलर यांनी शोधला नाही. राजकारणाचा लंबक एका पक्षाकडून दुसऱ्याकडे झुकतो, ही प्रतिमा इंग्रजी राजकीय गद्यात एकोणिसाव्या शतकापासून होती. बटलर यांनी त्या प्रतिमेचे माप केले. १९४५ व १९५० च्या निवडणुकांवरील ग्रंथांच्या परिशिष्टांतून आणि पुढे ‘द इलेक्टोरल सिस्टिम इन ब्रिटन’ (१९५३) या ग्रंथातून त्यांनी ते रूढ केले : एका पक्षाच्या मतटक्क्यात झालेली वाढ आणि दुसऱ्याच्या मतटक्क्यात झालेली घट यांची सरासरी म्हणजे स्विंग. हे माप इतके सोपे होते की निकालाच्या रात्री पहिल्या काही मतदारसंघांवरून उरलेल्या देशाचा अंदाज बांधता येई. आणि युद्धोत्तर ब्रिटनमध्ये देशभर स्विंग आश्चर्य वाटावे इतका एकसारखा असल्याने तो अंदाज बहुधा खराही ठरे. १९५० मध्ये बीबीसीने दूरचित्रवाणीवर प्रथमच निकालाचा कार्यक्रम केला, तेव्हापासून १९७९ पर्यंत बटलर त्या रात्रीचे अविभाज्य अंग होते. आरंभी हाताशी स्लाइड रूल आणि कमालीची स्मरणशक्ती एवढीच सामग्री होती. १९५५ मध्ये प्रादेशिक प्रक्षेपणात आणि १९५९ मध्ये राष्ट्रीय प्रक्षेपणात ‘स्विंगोमीटर’ नावाचे काटा असलेले यंत्र आले, आणि लंबकाची जुनी प्रतिमा प्रेक्षकांना डोळ्यांनी दिसू लागली. भारतीय वाचकाला स्विंग म्हटले की आधी गोलंदाज आठवतो. २०१८ मध्ये मायकल क्रिक यांनी लिहिलेल्या बटलर-चरित्राच्या ‘सुलतान ऑफ स्विंग’ या शीर्षकाशी वासिम अक्रम यांचे बिरुद जुळते, हे त्याला सांगावे लागत नाही.

परंतु प्रत्येक प्रतिमा काही दाखवते तसे काही झाकतेही. १९५१ ची निवडणूक या दृष्टीने पाहण्याजोगी आहे. १९५० मध्ये हुजूर पक्षाला व त्याच्या सहकाऱ्यांना ४३.५ टक्के आणि मजूर पक्षाला ४६.१ टक्के मते होती. १९५१ मध्ये अनुक्रमे ४८ टक्के व ४८.८ टक्के. स्विंग काढला तर तो हुजूर पक्षाकडे जेमतेम ०.९ टक्के येतो. एवढ्याने सत्तांतर झाले. अधिक मते मिळवूनही मजूर पक्षाला २९५ जागा मिळाल्या आणि चर्चिल यांचा पक्ष ३२१ जागांसह सत्तेवर आला. मात्र दोन्ही पक्षांची मते वाढली, ती आली कोठून? उदारमतवादी पक्षाने १९५० मध्ये ४७५ उमेदवार उभे केले होते, १९५१ मध्ये केवळ १०९. त्याची मते ९.१ टक्क्यांवरून २.५ टक्क्यांवर आली. लंबकाला दोनच टोके असतात. तिसऱ्याच्या मैदानात असण्या-नसण्याचा परिणाम त्याच्या हेलकाव्यात मिसळून जातो, वेगळा दिसत नाही. १९५१ वरील नफील्ड ग्रंथ स्वतः बटलर यांनीच लिहिला. त्यांना ही अडचण ठाऊक होती. द्विपक्षीय काळात तिची किंमत फारशी मोजावी लागत नव्हती, एवढेच.

नफील्ड ग्रंथमाला हे बटलर यांच्या कार्याचे मुख्य दालन. १९५१ पासून २००५ पर्यंतच्या प्रत्येक ब्रिटिश सार्वत्रिक निवडणुकीवरील ग्रंथाचे ते लेखक वा सहलेखक होते. रिचर्ड रोझ, अँथनी किंग, मायकल पिंटो-दुशिन्स्की आणि १९७४ पासून डेनिस कॅव्हनॉ हे त्यांचे सहकारी. या ग्रंथांना एका वाङ्मयप्रकाराचे स्थैर्य आले होते. मागच्या निवडणुकीपासूनच्या काळाचा वृत्तान्त, पक्षांची तयारी, जनमत चाचण्या, प्रचार, वृत्तपत्रे, उमेदवारांची सामाजिक पार्श्वभूमी, आणि शेवटी निकालाचे सांख्यिकी विश्लेषण, हा क्रम वाचकाला पाठ झाला होता. कथन भूतकाळात, सुरात संयम, लेखक अदृश्य. नेत्यांच्या शेकडो मुलाखती त्यामागे असत, पण नावानिशी अवतरणे क्वचित. या लेखनावर दोन्ही बाजूंनी टीका झाली. सिद्धान्ताचा आग्रह धरणाऱ्या राज्यशास्त्रज्ञांना ते पत्रकारितेच्या जवळचे, वर्णनात अडकलेले वाटे. पत्रकारांना ते थोडे थंड वाटे. पहिली टीका अगदीच निराधार नाही. तरीही मॅकॅलम यांचा मूळ हेतू ध्यानात घेतला तर या वर्णनपरतेचे मोल वेगळे भासते. पुढच्या पिढीच्या हाती आख्यायिकेऐवजी नोंद पडावी यासाठीच हा प्रकार जन्मला होता, आणि साठ वर्षांची अखंड नोंद दुसऱ्या फार थोड्या लोकशाहींपाशी आहे. १९६३ मध्ये जेनी फ्रीमन यांच्यासह काढलेला ‘ब्रिटिश पोलिटिकल फॅक्ट्स’ हा संदर्भग्रंथही त्याच वृत्तीचा.

सिद्धान्ताची उणीव बटलर यांनी एकदा ठसठशीतपणे भरून काढली, ती अमेरिकन राज्यशास्त्रज्ञ डोनाल्ड स्टोक्स यांच्या सहकार्याने. ‘पोलिटिकल चेंज इन ब्रिटन’ (१९६९) या ग्रंथासाठी मतदारांच्या मुलाखती १९६३, १९६४ आणि १९६६ मध्ये घेण्यात आल्या. ब्रिटनमधील पक्षनिष्ठा वर्गाशी बांधलेली आहे आणि ती बव्हंशी आईवडिलांकडून वारशाने येते, ही त्यांची मांडणी सर्वपरिचित आहे. तिच्यातील कमी चर्चिला गेलेला भाग पिढ्यांचा. मजूर पक्ष मोठा होण्यापूर्वी ज्यांचे राजकीय संस्कार घडले अशा श्रमिकांना त्या पक्षाची निष्ठा वारशाने मिळणे शक्यच नव्हते. ती पिढी मागे पडत गेली आणि तिच्या जागी नवी आली, तशी मजूर पक्षाची मते वाढली. म्हणजे कोणीही आपले मत न बदलता देशाचा कौल बदलू शकतो. स्विंग या शब्दातून मतदार इकडून तिकडे गेल्याचे जे चित्र उभे राहते, त्याला त्याच्या जनकाने स्वतःच असा छेद दिला. साहित्याच्या इतिहासात अभिरुचीचे बदल वाचकांच्या मतांतरातून होतात की वाचकांच्या पिढ्या बदलल्याने, हा प्रश्न येथून फार दूरचा नाही.

साहित्याभ्यासकांना बटलर हे नाव बहुधा दुसऱ्या कारणाने ओळखीचे असते. १९६२ मध्ये त्यांचा विवाह मॅरिलिन एव्हान्स यांच्याशी झाला. याच पुढे ‘जेन ऑस्टेन अँड द वॉर ऑफ आयडियाज’ (१९७५) आणि ‘रोमँटिक्स, रेबेल्स अँड रिॲक्शनरीज’ (१९८१) या ग्रंथांच्या लेखिका मॅरिलिन बटलर. त्यांचे पहिले मोठे पुस्तक कादंबरीकार मारिया एजवर्थ यांचे वाङ्मयीन चरित्र (१९७२) होते; डेव्हिड यांच्या वडिलांच्या नावातला ‘एजवर्थ’ त्याच घराण्याचा, आणि घराण्याच्या कागदपत्रांचा त्या चरित्राला आधार मिळाला. जेन ऑस्टेनच्या कादंबऱ्या १७९० च्या दशकातील वैचारिक झुंजीत ठेवून वाचणे, एकाकी प्रतिभावंताची रोमँटिक आख्यायिका बाजूला सारून लेखकांना त्यांच्या वर्षांत, त्यांच्या वाचकांत, त्यांच्या नियतकालिकांत पाहणे, ही मॅरिलिन बटलर यांची पद्धत. कोणाचा प्रभाव कोणावर, हे ठरवण्याला आधार नाही आणि गरजही नाही. पण एकाच घरात दोन टेबलांवर आख्यायिकेविरुद्ध समकालीन पुराव्याचे काम चालले होते, एवढे म्हणता येते. १९९३ मध्ये त्या ऑक्सफर्डच्या एक्सटर कॉलेजच्या प्रमुख झाल्या. पूर्वी केवळ पुरुषांचे असलेल्या ऑक्सफर्ड कॉलेजच्या त्या पहिल्या स्त्री-प्रमुख होत.

फेब्रुवारी १९७४ च्या निवडणुकीने लंबकाला घरच्याच अंगणात धक्का दिला. उदारमतवादी पक्षाने १९.३ टक्के मते घेतली आणि त्याला ६३५ पैकी १४ जागा मिळाल्या. दोन मोठ्या पक्षांच्या मतांची बेरीज, जी १९५१ मध्ये ९७ टक्क्यांच्या घरात होती, ती ७५ टक्क्यांवर आली. स्कॉटलंड आणि इंग्लंड यांचे कौल वेगळे होऊ लागले. स्विंगची एकच संख्या देशभर लावणे दिवसेंदिवस कठीण झाले. बटलर यांची नजर याच सुमारास बाहेर वळू लागली होती. ऑस्ट्रेलियाच्या राजकारणावर त्यांनी लिहिले, जनमतपृच्छांचा तौलनिक अभ्यास ऑस्टिन रॅनी यांच्यासह संपादित केला, आणि १९८० च्या दशकात ते भारताकडे वळले.

भारतात निवडणुकांचा अभ्यास तोवर झालाच नव्हता असे नाही. एरिक डिकॉस्टा यांच्या संस्थेने १९५० च्या दशकातच जनमत चाचण्या सुरू केल्या होत्या. पुण्यातील राज्यशास्त्रज्ञ सिरसीकर यांचा १९६२ च्या निवडणुकीवरील ग्रंथ १९६५ मध्ये प्रसिद्ध झाला. रजनी कोठारी यांनी स्थापन केलेल्या दिल्लीच्या विकासशील समाज अध्ययन केंद्राने १९६७ मध्ये देशव्यापी मतदार-सर्वेक्षण केले. ही परंपरा मतदाराला प्रश्न विचारणारी होती. अशोक लाहिरी आणि प्रणय रॉय या तरुण अर्थशास्त्रज्ञांनी बटलर यांच्यासह जे काम हाती घेतले ते निकालांच्या आकड्यांचे होते. त्यांचा ‘अ कम्पेंडियम ऑफ इंडियन इलेक्शन्स’ १९८४ मध्ये आणि ‘इंडिया डिसाइड्स’ १९८९ मध्ये प्रसिद्ध झाला. दुसऱ्या ग्रंथाच्या पुढे सुधारित आवृत्त्याही निघाल्या.

येथे ब्रिटिश मापे लगेच अडखळली. १९५२ मध्ये काँग्रेसला ४५ टक्के मते आणि ४८९ पैकी ३६४ जागा होत्या. समोर दुसरा पक्षच नसून अनेक लहानमोठ्या पक्षांची व अपक्षांची गर्दी होती, त्यामुळे घननियम लावायचा तो कोणत्या दोघांत? स्विंगची अडचण आणखी खोल होती. एखाद्या मतदारसंघात काँग्रेसला ४० टक्के मते आहेत आणि उरलेली ६० टक्के तीन विरोधकांत ३०, २० आणि १० अशी वाटली गेली आहेत, असे समजू. काँग्रेस विजयी. पुढच्या वेळी काँग्रेसची मते तेवढीच राहिली, पण दोन विरोधकांनी समझोता केल्याने एकाला ४५ आणि दुसऱ्याला १५ टक्के मिळाली, तर काँग्रेस पराभूत. बटलर यांच्या मूळ सूत्राने काँग्रेसविरोधी स्विंग साडेसात टक्के येतो, म्हणजे मतदार मोठ्या प्रमाणावर हलले असे वाटते. प्रत्यक्षात काँग्रेसचा एकही मतदार हललेला नाही. हलले आहेत ते नेते.

या अडचणीवरचा उपाय म्हणजे विरोधी एकजुटीचा निर्देशांक. सर्वांत मोठ्या विरोधकाच्या मतांना सर्व विरोधकांच्या एकूण मतांनी भागून शंभराने गुणायचे. वरील उदाहरणात तो ५० वरून ७५ वर जातो. मग काँग्रेसच्या स्वतःच्या मतांतला बदल एका बाजूला आणि एकजुटीतला बदल दुसऱ्या बाजूला असे दोन धागे सुटे करता येतात. इंग्रजीत या निर्देशांकाच्या आद्याक्षरांचा उच्चार ‘आय. ओ. यू.’ असा, म्हणजे कर्जाच्या चिठ्ठीसारखा होतो. आघाड्यांच्या राजकारणात कोण कोणाचे किती देणे लागतो याची आठवण त्यातून व्हावी, हा योगायोग मार्मिक आहे. सूत्राचे सामर्थ्य एका जोडीवरून कळते. १९६७ मध्ये काँग्रेसला ४०.८ टक्के मतांवर २८३ जागा मिळाल्या. १९८९ मध्ये ३९.५ टक्के मतांवर १९७. मते दीड टक्क्याहूनही कमी घटली आणि जागा ८६ ने. मधल्या काळात जे बदलले ते मुख्यतः समोरच्या बाजूचे. १९८९ मध्ये जनता दल, भाजप व डावे पक्ष यांच्यातील जागावाटपामुळे अनेक ठिकाणी एकास एक लढती झाल्या होत्या.

मराठी वाचकाला यातले तत्त्व अपरिचित नव्हते. ‘मतविभागणी’ हा शब्द मराठी वृत्तपत्रांत सरसकट वापरला जातो. मते फुटली, अमुक उमेदवाराने तमुकाची मते खाल्ली, हे गावच्या पारावरही बोलले जाते. निर्देशांकाने या लोकज्ञानाला संख्या दिली, असे म्हणणे अधिक न्याय्य होईल. मात्र निवडणूक निकालांच्या मराठी वर्णनावर राज्य करते ते वेगळेच रूपक. १९७१, १९७७, १९८४ : प्रत्येक वेळी ‘लाट’ आली, भलेभले तिच्यात ‘वाहून गेले’, कोणी ‘लाटेतही’ टिकले. जोडीला गडकोटांची शब्दकळा : बालेकिल्ला ढासळला, गड राखला, कोणाचे पानिपत झाले. ही तीन रूपके शेजारी ठेवली तर त्यांच्यातला भेद व्याकरणाचा असल्याचे ध्यानात येते. स्विंगच्या वाक्याचा कर्ता मतदार आहे. तो एकीकडून दुसरीकडे झुकतो. एकजुटीच्या वाक्यात कर्ता नेता वा पक्ष आहे. मतदार जागेवरच असतो आणि निकाल वाटाघाटीच्या टेबलावर ठरतो. लाटेच्या वाक्याला मानवी कर्ताच नाही. ती निसर्गाप्रमाणे येते आणि ओसरते, म्हणून तिच्याबद्दल कोणाला जबाबदारही धरता येत नाही. पराभूत पक्षाला लाट हा शब्द प्रिय असतो, याचे कारण येथे आहे. ४०४ जागा देणारी १९८४ ची निवडणूक सहानुभूतीची लाट म्हणून स्मरणात राहिली. तिच्यात काँग्रेसचा मतटक्का सुमारे ४९ होता, म्हणजे लाटेच्या ऐन भरात निम्म्याहून अधिक मतदार तिच्याबाहेर उभे होते, हे त्या शब्दातून ऐकू येत नाही.

निर्देशांकालाही त्याच्या मर्यादा होत्या आणि त्या लवकरच पुढे आल्या. १९७७ मध्ये काँग्रेसला उत्तर प्रदेशातील ८५ पैकी आणि बिहारमधील ५४ पैकी एकही जागा मिळाली नाही, आणि त्याच निवडणुकीत आंध्र प्रदेशातील ४२ पैकी ४१ जागा मिळाल्या. १९८९ मध्येही दक्षिणेने काँग्रेसला हात दिला. देशाची एकच संख्या काढण्याचा ब्रिटिश संस्कार येथे अपुरा पडतो. भारतातील निवडणूक म्हणजे एकाच दिनदर्शिकेवर चाललेल्या अनेक निवडणुका. वरची १९६७ व १९८९ ची जोडीही केवळ एकजुटीने उलगडत नाही. मते कोठे एकवटली आणि कोठे विखुरली, हेही तिच्यात आहे. शिवाय निर्देशांकाच्या रचनेतच काँग्रेस हे केंद्र गृहीत होते. १९९० च्या दशकात ते केंद्र सुटल्यावर ‘विरोधी’ कोणाचे, हे प्रत्येक राज्यात वेगळे ठरू लागले. १९९६ नंतर पुन्हा नियमित झालेल्या राष्ट्रीय निवडणूक अध्ययनाने आपला भर जागांच्या अंदाजापेक्षा कोणत्या समाजगटाने कोणाला मत दिले यावर ठेवला, आणि आकड्यांची व प्रश्नावलीची अशा दोन परंपरा शेजारीशेजारी चालत राहिल्या. निकाल-विश्लेषणाची भाषा मात्र दूरदर्शनवरील व पुढे खाजगी वाहिन्यांवरील मतमोजणीच्या दिवशी बटलर-लाहिरी-रॉय यांचीच राहिली. प्रणय रॉय व दोराब सोपारीवाला यांच्या ‘द व्हर्डिक्ट’ (२०१९) या पुस्तकातही एकजुटीचा निर्देशांक आहेच.

बटलर १९९२ मध्ये नफील्ड कॉलेजातून निवृत्त झाले, १९९४ मध्ये ब्रिटिश अकादमीवर निवडले गेले, २०११ मध्ये त्यांना ‘सर’ हा किताब मिळाला. मॅरिलिन बटलर २०१४ मध्ये वारल्या. डेव्हिड बटलर यांचे निधन ८ नोव्हेंबर २०२२ रोजी, वयाच्या ९८ व्या वर्षी झाले.

त्यानंतर दीड वर्षाने झालेल्या लोकसभा निवडणुकीत भाजपचा मतटक्का २०१९ मधील ३७.४ वरून ३६.६ वर आला आणि जागा ३०३ वरून २४० वर. महाराष्ट्रात त्या पक्षाच्या मतांत दोन टक्क्यांहून कमी घट झाली, जागा मात्र २३ वरून ९ झाल्या. तेथे बहुतेक लढती दोन आघाड्यांत सरळ झाल्या होत्या. वृत्तपत्रांनी कोठे लाट ओसरल्याचे, कोठे मतविभागणी टळल्याचे लिहिले. निर्देशांक मांडायचा झाला तर या वेळी अंशस्थानी काँग्रेस वा तिचा मित्रपक्ष येत होता. ज्या पक्षाविरुद्धची एकजूट मोजण्यासाठी हे सूत्र चाळीस वर्षांपूर्वी रचले गेले, तो आता त्यातल्या विरोधकांच्या रकान्यात होता.